धायटीची वंशावळ

१८०६ साली लंडनमध्ये ‘पॅराडायसस लोंडिनेन्सिस’ या चित्रग्रंथात एका झुडपाचं रंगीत चित्र छापून आलं. लंडनच्या आसपासच्या बागांतून आणि काचघरांतून वाढवलेल्या परदेशी झाडांची चित्रं या ग्रंथात भागाभागानं प्रसिद्ध होत. चित्रकार विल्यम हूकर, मजकूर रिचर्ड अँथनी सॅलिस्बरीचा. सॅलिस्बरीनं या झुडपासाठी एक नवी प्रजाती उभी केली, वुडफर्ड नावाच्या इंग्रज गृहस्थाच्या सन्मानार्थ तिला ‘वुडफोर्डिया’ म्हटलं आणि झुडपाचं पूर्ण नाव लिहिलं ‘वुडफोर्डिया फ्लोरिबंडा’. हे झुडूप म्हणजे आपली धायटी.

भोर, वेल्हे, मुळशी, जुन्नर, कुठल्याही तालुक्यातल्या उघड्या डोंगरउतारावर माघ-फाल्गुनात जा. गवत वाळून पिवळं पडलेलं असतं, करवंदं अजून हिरवी असतात आणि दरडीच्या कडेनं धायटीच्या लांब, झुकलेल्या फांद्या लाल फुलांनी अंगभर भरलेल्या असतात. शिंजीर पक्षी एका फांदीवरून दुसरीवर उड्या मारत मध पितात. गुरांमागची पोरंही फूल उपटून त्याचं बूड चोखतात. पानं समोरासमोर असतात. पान उलटून पाहिलं की खालच्या करड्या अंगावर बारीक काळे ठिपके दिसतात. फुलाची जी लाल, किंचित वाकडी नळी दिसते ती पाकळ्यांची नाही. तो निदलपुंज, म्हणजे एरवी हिरवा असणारा फुलाचा बाहेरचा घेर. पाकळ्या असतात सहा, पण त्या इतक्या बारीक की भिंग लावल्याशिवाय बहुतेकांना दिसत नाहीत. पुंकेसर बारा, नळीच्या तोंडातून बाहेर डोकावणारे. बोंडही त्या नळीच्या आतच पिकतं. नळी गळत नाही, वाळली तरी तिची लाली जात नाही, आणि या एका गुणामुळे धायटीचं फूल हजारो वर्षं बाजारात टिकून आहे.

प्रजाती म्हणजे जवळच्या जातींचा एक गट. वुडफोर्डिया ही फार लहान प्रजाती आहे, तिच्यात साऱ्या जगात मिळून दोनच जाती. एक आपली, मादागास्करपासून भारत, श्रीलंका, म्यानमार, चीन आणि इंडोनेशियापर्यंत पसरलेली. दुसरी इथिओपिया, पूर्व आफ्रिका आणि अरबस्तानाच्या बाजूची. एवढ्याशा कुटुंबाचं नाव पक्कं व्हायला लिनियसपासून मोजलं तर जवळजवळ दीडशे वर्षं गेली. त्यातला थोडा काळ झाड नीट न कळल्यामुळे गेला, बाकीचा माणसांच्या रागलोभांत. मी आयुष्यभर वनस्पतिशास्त्र शिकवलं आणि वर्गीकरणाचा तास धायटीवरच घेत आले. विद्यार्थ्यांना वाटतं, लॅटिन नावं पाठ करायची असतात. मला त्यांना दाखवायचं असे की प्रत्येक नावामागे एक वाद आहे, आणि तो वाद शेवटी माणसाच्या वजनानं न सुटता नियमानं सुटला.

पहिली नोंद लिनियसची. १७५९ साली ‘सिस्टिमा नॅचुरी’च्या दहाव्या आवृत्तीच्या दुसऱ्या खंडात त्यानं हिला ‘लिथ्रम फ्रुटिकोसम’ म्हटलं. लिथ्रम ही युरोपात ओढ्याकाठी, दलदलीत वाढणारी जांभळ्या तुऱ्यांची वनस्पती. सह्याद्रीच्या कोरड्या दरडीवरचं झुडूप तिच्या पंगतीला बसवणं आज विचित्र वाटेल. पण लिनियसची पद्धत फुलातले पुंकेसर आणि किंजल मोजण्याची होती. बारा पुंकेसर, एक किंजल, की झालं, तो वर्ग ठरला. लिनियस भारतात कधी आला नाही. धायटीची ठेवण, तिची जागा, तिचा हंगाम त्यानं पाहिलेला नव्हता. तरी लिथ्रम आणि धायटी एकाच कुळातल्या आहेत हे पुढे पूर्ण खरं ठरलं. त्याची मोजणी ढोबळ होती, पण वाया गेली नाही.

त्यानंतर विल्यम रॉक्सबर्ग. हा ईस्ट इंडिया कंपनीचा डॉक्टर, आंध्रच्या किनाऱ्यालगत सामळकोटला बरीच वर्षं राहिलेला, पुढे कलकत्त्याच्या बागेचा अधीक्षक झालेला. त्यानं झाडं जिवंत पाहिली आणि भारतीय चित्रकारांकडून ती जिवंतपणीच काढून घेतली. ‘प्लँट्स ऑफ द कोस्ट ऑफ कोरोमंडल’ या त्याच्या ग्रंथाच्या पहिल्या खंडात, १७९५ साली, धायटी आली ती ‘ग्रिस्लिया टोमेंटोजा’ या नावानं. चित्रकारांची नावं ग्रंथात नाहीत, याची मला आजही चुटपुट लागते. ग्रिस्लिया हे नाव मुळात अमेरिकेच्या उष्ण भागातल्या झुडपांसाठी वापरलेलं होतं. रॉक्सबर्गनं धायटीत आणि त्या अमेरिकी झुडपांत साम्य पाहिलं आणि आपलं झाड त्यांच्यात घातलं. भारतात काम करणाऱ्या इंग्रजांच्या हाती रॉक्सबर्गचेच ग्रंथ असत, त्यामुळे इथं पुढची सत्तर वर्षं धायटी ग्रिस्लियाच राहिली.

आणि सॅलिस्बरी? त्याची गोष्ट जरा सविस्तर सांगायला हवी, कारण तिच्याशिवाय पुढचं कळत नाही. हा माणूस बुद्धीनं तल्लख होता. पुंकेसर मोजून वर्ग पाडण्याची लिनियसची रीत त्याला मान्य नव्हती. झाडाची सगळी लक्षणं एकत्र पाहून नैसर्गिक कुळं लावावीत, असं त्याचं मत होतं, आणि काळानं त्याचीच बाजू उचलून धरली. पण लंडनच्या लिनियन सोसायटीत लिनियसचा शब्द मोडणाऱ्याला मित्र मिळणं कठीण होतं. सोसायटीचा संस्थापक जेम्स एडवर्ड स्मिथ याच्याशी त्याचं उघड वैर झालं.

१८०९ साली सॅलिस्बरीनं स्वतःच्या हातानं स्वतःचं नुकसान करून घेतलं. रॉबर्ट ब्राउन या असामान्य वनस्पतिज्ञानं प्रोटिएसी कुळावरचा आपला निबंध सोसायटीत वाचला. सॅलिस्बरी श्रोत्यांत होता. निबंध छापून येण्याआधीच जोसेफ नाइट नावाच्या बागवानाच्या पुस्तकात त्याच कुळातल्या झाडांची नवी नावं छापून आली, आणि ती सॅलिस्बरीनं दिलेली होती. ब्राउनचं ऐकून, ते लक्षात ठेवून, त्याच्या आधी छापलं, असा ठपका त्याच्यावर बसला. इंग्लंडमधल्या वनस्पतिज्ञांनी त्याच्याशी संबंध तोडले आणि त्याची नावं शक्य तिथं वापरायचीच नाहीत असा पवित्रा घेतला. १८२९ साली तो वारला तोवर त्याच्या बहुतेक कामावर धूळ बसली होती.

धायटीचं काम या लफड्याच्या तीन वर्षं आधीचं आणि सरळ होतं. त्यानं पाहिलं की हे झुडूप लिथ्रम नव्हे आणि अमेरिकेतली ग्रिस्लियाही नव्हे, याला स्वतःचं घर हवं. निर्णय योग्य होता, पण देणाऱ्याचं नाव बदनाम. १८२८ साली जिनिव्हाचा ऑगस्टिन पिरॅम द कांदोल आपल्या ‘प्रोड्रोमस’च्या तिसऱ्या खंडात ग्रिस्लियाच लिहितो. १८३४ साली वाइट आणि आर्नट दक्षिण भारताच्या वनस्पतींच्या ग्रंथात तेच करतात.

आपल्याकडेही तेच. मुंबई इलाख्यातल्या झाडांची पहिली मोठी यादी जॉन ग्रॅहमची. टपाल खात्यातला हा अधिकारी, वनस्पतींचा छंद त्याला जिवापाड. यादी छापून पुरी व्हायच्या आधीच, १८३९ साली, तो खंडाळ्याला वारला आणि उरलेलं काम त्याचा मित्र निम्मो यानं पार पाडलं. त्या यादीत धायटी ग्रिस्लियाच. १८६१ साली डालझेल आणि गिब्सन यांची ‘बॉम्बे फ्लोरा’ आली, त्यातही ग्रिस्लिया. गिब्सन दापोडीच्या सरकारी बागेचा प्रमुख आणि मुंबई इलाख्याचा पहिला वनसंरक्षक. घाटवाटा घोड्यावरून हिंडलेला माणूस. त्यानं धायटी जितकी पाहिली असेल तितकी लंडनमध्ये कुणी पाहिली नसेल. पण नाव ठरवताना त्यालाही हाताशी असलेल्या ग्रंथाचाच आधार होता.

१८६७ साल दोन कारणांनी महत्त्वाचं. त्या वर्षी लंडनच्या क्यू वनस्पतिउद्यानातले बेंथम आणि हूकर (हा चित्रकार हूकर नव्हे) यांच्या ‘जनेरा प्लँटारम’च्या पहिल्या खंडाचं काम पुरं झालं. जगातल्या साऱ्या फुलझाडांच्या प्रजाती नव्यानं तपासताना त्यांनी वुडफोर्डिया ही प्रजाती मान्य केली. सॅलिस्बरीला जाऊन जवळजवळ चाळीस वर्षं उलटली होती, वैर करणारेही गेले होते, आणि सुकलेल्या नमुन्यात जे दिसत होतं ते त्याच्या बाजूचं होतं. त्याच वर्षी पॅरिसला भरलेल्या परिषदेनं वनस्पतींच्या नावांचे पहिले आंतरराष्ट्रीय नियम मंजूर केले. ते लिहिले होते अल्फान्स द कांदोल यानं. बापाच्या ग्रंथात धायटी ग्रिस्लिया होती, मुलानं लिहिलेल्या नियमाचा गाभा मात्र असा की जे नाव आधी आणि रीतसर छापलं गेलं त्याचा मान पहिला. नाव देणारा आवडता आहे की नावडता, हा प्रश्नच येत नाही.

मग सुल्पिझ कुर्झ. जर्मनीतल्या ऑग्सबर्गचा हा माणूस टोपणनाव घेऊन डचांच्या जावा बेटावर गेला, तिथून १८६४ साली कलकत्त्याला आला आणि शिबपूरच्या बागेतल्या वनस्पतिसंग्रहाचा सांभाळ करू लागला. ब्रह्मदेशातली जंगलं त्यानं पायाखाली घातली. १८७१ साली एशियाटिक सोसायटीच्या नियतकालिकात त्यानं एक साधी जोडणी केली. प्रजाती सॅलिस्बरीची, वुडफोर्डिया. विशेषनाम लिनियसचं, कारण ते सर्वांत जुनं. ‘वुडफोर्डिया फ्रुटिकोजा’. हेच नाव आज चालतं.

इथं गोष्ट संपायला हवी होती. पण क्यूनं हे मानलं नाही. त्यांचा स्वतःचा प्रघात होता. झाड ज्या प्रजातीत ठेवलं आहे, त्या प्रजातीच्या नावाखाली पहिल्यांदा छापलं गेलेलं विशेषनाम खरं धरायचं. आधी दुसऱ्या प्रजातीत असताना त्याला काय म्हणत, ते विचारात घ्यायचं नाही. वुडफोर्डियाखाली पहिलं विशेषनाम आलं ते फ्लोरिबंडा, १८०६ साली. फ्रुटिकोजा आलं १८७१ साली. म्हणून क्यूच्या लेखी सॅलिस्बरीचं पूर्ण नाव जिंकलं. ज्याची नावं दोन पिढ्या टाळली, त्याचं नाव आता कुर्झविरुद्ध पुढे केलं जात होतं. ‘फ्लोरा ऑफ ब्रिटिश इंडिया’च्या दुसऱ्या खंडात, १८७९ साली, सी. बी. क्लार्कनं वुडफोर्डिया फ्लोरिबंडा छापलं. पुण्याच्या कॉलेज ऑफ सायन्सचे माजी प्राचार्य थिओडोर कूक यांनी निवृत्तीनंतर क्यूला बसूनच मुंबई इलाख्याचा ‘फ्लोरा’ लिहिला, आणि त्यांनीही तेच नाव घेतलं. शेवटी १९०५ साली व्हिएन्नाच्या परिषदेनं क्यूचा प्रघात बाजूला सारला. झाड कुठल्याही प्रजातीत गेलं तरी त्याचं सर्वांत जुनं विशेषनाम त्याच्याबरोबर जाईल, असं ठरलं. तेव्हापासून फ्रुटिकोजा.

पण छापलेलं पुस्तक नियमापेक्षा सावकाश मरतं. कूकचे खंड भारतीय वनस्पति सर्वेक्षणानं १९५८ साली पुन्हा छापले आणि महाराष्ट्रातल्या कॉलेजांत तेच आमचं मुख्य साधन. मी शिकत होते तेव्हा प्रयोगशाळेतल्या जुन्या पुठ्ठ्यांवर फ्लोरिबंडा लिहिलेलं होतं आणि आमचे सर फळ्यावर फ्रुटिकोजा लिहीत. एका जुन्या संग्रहात मला असा एक कागद पाहायला मिळाला, ज्यावर मूळ चिठ्ठी ग्रिस्लियाची, तिच्याखाली वेगळ्या अक्षरात फ्लोरिबंडा आणि तिसऱ्या, टंकलिखित पट्टीवर फ्रुटिकोजा. झाडाची फांदी तीच. त्या एका कागदावर शंभर वर्षांचा वाद वाचता येत होता, आणि कुठल्याही चिठ्ठीनं आधीची झाकलेली नव्हती. ही रीत मला फार मोलाची वाटते. जुनं मत खोडायचं नाही, त्याच्याशेजारी आपलं लिहायचं आणि खाली सही करायची.

दुसऱ्या जातीचा हिशेब लावला तो बर्लिनच्या एमिल कोहनेनं. शाळेत शिकवून उरलेल्या वेळात मेंदीच्या, म्हणजे धायटीच्याच, कुळावर त्यानं जन्मभर काम केलं. आफ्रिकेतल्या धायटीला फ्रेंच वनस्पतिज्ञ रिशार यानं ‘ग्रिस्लिया युनिफ्लोरा’ म्हटलं होतं. कोहनेनं १८८१ साली तिला वुडफोर्डियात आणलं आणि १९०३ सालच्या आपल्या मोठ्या प्रबंधात प्रजातीच्या दोन जाती कायम केल्या. ही विभागणी आजही चालते. १९४३ साली बॉम्बहल्ल्यात बर्लिनचा वनस्पतिसंग्रह बहुतांशी जळून गेला, पण त्याचे छापील शब्द उरले. १९८६ साली मादागास्करमधल्या त्याच कुळातल्या एका झुडपाला ‘कोहनेरिया’ असं नाव देऊन शर्ली ग्रॅहम आणि सहकाऱ्यांनी या शाळामास्तराची आठवण ठेवली.

हे सगळं चाललं होतं तेव्हा धायटीचं आणखी एक वर्गीकरण आपल्याकडे केव्हाचं झालेलं होतं. चरकसंहितेच्या सूत्रस्थानात चौऱ्याऐंशी आसवांची मोजदाद आहे, कशापासून बनतं त्यानुसार लावलेली: धान्याची, फळांची, मुळांची, फुलांची. फुलांची आसवं दहा. कमळाचे निरनिराळे प्रकार, मोहाचं फूल, प्रियंगू, आणि दहावी धातकी. धातकी म्हणजे धायटी. निघंटूंनी तिला ताम्रपुष्पी, बहुपुष्पी, वह्निज्वाला म्हटलं. चरकाला तिचे पुंकेसर मोजायची गरज नव्हती. आसव कशापासून बनतं यावर त्याची वाटणी होती आणि त्या कामापुरती ती चोख होती.

माझे वडील, आम्ही त्यांना अण्णा म्हणायचो, भोरला वैद्यकी करत. दशमूलारिष्ट आणि अशोकारिष्ट घरीच बने. मडकं आतून तुपानं माखायचं, धुरी द्यायची, गार झालेला काढा आणि गूळ घालायचा, वरून धायटीची वाळलेली फुलं टाकायची आणि तोंडाला कपडमाती करून महिनाभर कोपऱ्यात ठेवायचं. फुलांशिवाय आसव उठत नाही, असं ते म्हणत. फुलं आणणारी कातकरी आजी ओसरीवर बसे. अण्णा मूठभर फुलं हातावर घेऊन देठं, पानं, माती वेगळी काढत आणि “आजी, यंदा फूल चांगलं वाळवलंत” म्हणत मापून घेत.

फुलाला चिकटलेल्या मधातलं किण्व आसव उठवतं, असं आम्ही सगळेच धरून चाललो होतो. १९९३ साली नेदरलँड्स आणि श्रीलंकेच्या संशोधकांचं निंबारिष्टावरचं काम प्रसिद्ध झालं, ते मी अण्णांना वाचून दाखवलं. मद्यार्क तयार करणारे सूक्ष्मजीव या फुलांतून येत नव्हते, असं त्यांना आढळलं. फुलांत साखर फोडणारं विकर मात्र होतं, आणि फुलांतली द्रव्यं औषधात उतरून त्याचा परिणाम वाढवत होती. अण्णा बराच वेळ बोलले नाहीत. मग म्हणाले, “म्हणजे फूल लागतंच. कशासाठी लागतं ते आता कळलं.” त्यांच्या या उत्तराचा मला अभिमान वाटतो.

धायटीचा तुरटपणा रंगाऱ्यांनाही ठाऊक होता. आल नावाच्या झाडाच्या मुळांनी सुती कापड तांबडं रंगवताना ही फुलं आणि पानं वापरत. रासायनिक रंग आल्यावर तो धंदा गेला, औषधाचा राहिला.

गेल्या शतकाच्या अखेरीला वनस्पतींची कुळं जनुकांच्या आधारे पुन्हा तपासली गेली आणि लिथ्रेसी, म्हणजे मेंदीचं कूळ, एकदम वाढलं. तोवर स्वतंत्र कुळाचा मान असलेलं डाळिंब त्यात आलं. तळ्यातला शिंगाडा आला. खाडीतली चिप्पी आली. तामण, नाणा आणि धायटी आधीपासून होतेच. महाराष्ट्राचं राज्यफूल तामण, आणि २०२० साली राज्याचा कांदळवृक्ष म्हणून जाहीर झालेली पांढरी चिप्पी, दोन्ही धायटीची भावंडं. डाळिंबाच्या फुलाचा जाड, लाल, न गळणारा घेर एकदा हातात घेऊन पाहा आणि शेजारी धायटीची नळी ठेवा. जनुकांनी सांगितलेलं नातं डोळ्यांनाही पटतं.

आजच्या आयुर्वेदीय औषधकोशात धातकी म्हणजे वुडफोर्डिया फ्रुटिकोजाचं वाळलेलं फूल, अशी व्याख्या आहे. औषधं बनवणारे माल घेताना ती पाहतात. ज्यांना मालाची खात्री करून घ्यायची असते त्यांना मी सोपी परीक्षा सांगते. फूल कोमट पाण्यात भिजत घालायचं, नळी सुईनं उभी चिरायची, सहा बारीक पाकळ्या आणि बारा पुंकेसर मोजायचे. पानाचा तुकडा सापडला तर त्याच्या पाठीवरचे काळे ठिपके पाहायचे.

पण मागणी वाढली तशी तोडही वाढली आहे. विकलं जातं ते अख्खं फूल, आतल्या बीजकोशासकट. म्हणजे जितकी फुलं पोत्यात गेली तितकी बोंडं धरली नाहीत. धायटी वणव्यानंतर, कोयत्यानंतर बुंध्यातून पुन्हा फुटते, त्यामुळे झुडूप मेलेलं दिसत नाही आणि नुकसान कुणाच्या लक्षात येत नाही. पण आमच्या भागातल्या काही उतारांवर आता जुनी झुडपं आहेत आणि त्यांच्याखाली एकही रोप नाही. प्रत्येक झुडपावरच्या चार फांद्या न ओरबाडता सोडाव्यात, असं मी भोरच्या बाजारात फुलं घेऊन येणाऱ्या बायकांना सांगते. त्यांना ते पटतं, कारण पुढच्या माघात त्यांनाच तिथं जायचं असतं. पटवायचं उरलं आहे ते क्विंटलनं माल उचलणाऱ्यांना. सोडलेल्या फांदीचे पैसेही गोळा करणाऱ्या बाईला मिळतील असा भाव त्यांनी द्यावा, एवढीच माझी त्यांच्याकडे मागणी आहे.